राहू : आकाशात नसलेला ग्रह आणि तगरपूरच्या अधिपतींची दाने

१/
१ फेब्रुवारी ११४३, सोमवार. माघी पौर्णिमेच्या चंद्राला ग्रहण लागले होते. कोल्हापूरचा शिलाहार राजा विजयादित्य याने त्या पर्वावर एका जैन मंदिराला जमीन दान दिली आणि ते दान शिळेवर कोरवून घेतले. या राजाच्या बिरुदावलीत धाराशिवकरांच्या ओळखीचे एक नाव आहे : 'तगरपुरवराधीश्वर'. तगर म्हणजे तेरणाकाठचे तेर. या दानाला निमित्त झालेला ग्रह मात्र आकाशात कधीच नव्हता.

२/
आधी तगरविषयी. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील 'पेरिप्लस' या ग्रीक प्रवासग्रंथात पैठणपासून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर असलेली मोठी बाजारपेठ म्हणून तगरचा उल्लेख येतो. तिथला माल गाड्यांवर लादून भडोच बंदराकडे जाई. तेरचे हे वैभव ओसरून कित्येक शतके लोटली, तरी शिलाहार आपले मूळ याच नगराशी जोडत राहिले.

३/
आता तो ग्रह. समुद्रमंथनानंतर एक असुर देवांच्या पंक्तीत बसून अमृत प्याला. सूर्यचंद्रांनी त्याला ओळखले, विष्णूने त्याचा शिरच्छेद केला. अमृत घशापर्यंत पोचलेच होते, म्हणून तो मरू शकला नाही. शिर झाले राहू, धड झाले केतू. तेव्हापासून तो सूर्यचंद्रांवर सूड उगवतो, अशी ही कथा. नवग्रहांतील सात डोळ्यांना दिसतात. उरलेले दोन कल्पनेने घडवले आहेत.

४/
ही कथा कोणालाच खटकली नाही, असे मात्र नाही. इ. स. ४९९ च्या सुमारास आर्यभटाने स्वच्छ सांगितले की चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची मोठी छाया चंद्राला झाकते. सहाव्या शतकात वराहमिहिराने 'बृहत्संहिते'त राहूचीच उलटतपासणी घेतली. राहूला शरीर असेल आणि तो एकाच ठरावीक गतीने फिरत असेल, तर सहा राशी दूर असलेल्या बिंबाला तो पकडतो कसा? चंद्रग्रहणात चंद्राची पूर्वेकडची कडा आधी काळवंडते, सूर्यग्रहणात सूर्याची पश्चिमेकडची. ग्रासणारा एकच असता, तर असा भेद का पडावा?

५/
इतके सिद्ध करूनही वराहमिहिराने राहूला हद्दपार केले नाही. ग्रहणकाळी होणाऱ्या दानात आणि होमात तुझा वाटा राहील, असा वर ब्रह्मदेवाने राहूला दिला असल्याचे तो सांगतो. गणितातून बाहेर पडलेला असुर अशा रीतीने दानधर्माच्या दारातून आत आला. ग्रहणपर्वावर राजे जमिनी का देत, त्याचे एक उत्तर इथे सापडते.

६/
या प्रश्नावर वादही झाले. इ. स. ६२८ मध्ये ब्रह्मगुप्ताने राहू नाकारणाऱ्यांना श्रुतिस्मृतींच्या विरोधात गेल्याबद्दल दोष दिला. त्याची स्वतःची ग्रहणगणिते मात्र छायेवरच उभी होती. अकराव्या शतकात अल्बेरुनीने ही विसंगती नेमकी हेरली. सत्य ठाऊक असूनही हा थोर गणिती परंपरेपुढे का नमला, याचे त्याला दुःख आणि आश्चर्य वाटले.

७/
पंचांगकारांनी राहूला वेगळे काम दिले. चंद्राची कक्षा सूर्याच्या भासमान मार्गाशी सुमारे ५ अंशांचा कोन करते. हे दोन मार्ग एकमेकांना जिथे छेदतात, त्या दोन बिंदूंना राहू आणि केतू ही नावे मिळाली. हे बिंदू उलट दिशेने सरकत सुमारे १८.६ वर्षांत एक फेरी पूर्ण करतात. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंच्या जवळ घडली, तरच ग्रहण होते. असुर नाहीसा झाला, नाव उरले आणि त्या नावाने अचूक भाकिते होऊ लागली.

८/
इ. स. ११५० हे वर्ष लक्षात ठेवावे असे आहे. त्या वर्षी भास्कराचार्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' पूर्ण केला. चंद्रग्रहण दीर्घकाळ टिकते, सूर्यग्रहण लवकर आटोपते. म्हणून दोन्हींतील झाकणारी वस्तू एकच नव्हे, असा युक्तिवाद त्यात आहे. पुढे तडजोडही आहे : ब्रह्मदेवाच्या वराने राहू पृथ्वीच्या छायेत शिरून चंद्राला झाकतो. त्याच वर्षी ८ सप्टेंबरला, शुक्रवारी, पुन्हा चंद्रग्रहण होते. विजयादित्याने तेही पर्व साधून दुसऱ्या एका जैन मंदिराला दान दिले. कागलजवळच्या बामणीचा शिलालेख त्याची साक्ष देतो.

९/
याहून बोलका पुरावा चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी तिथे मठ स्थापला. त्या मठाला निकुंभवंशीय सोइदेवाने जे दान दिले, त्याचा मुहूर्त होता ९ ऑगस्ट १२०७ चे चंद्रग्रहण. ग्रहण छायेमुळे होते हे शिकवणाऱ्या विद्यापीठाला राहूच्या पर्वाचे दान मिळाले. ज्ञान आणि रूढी एकाच शिळेवर शेजारी शेजारी कोरलेली आहेत.

१०/
इतिहासाला या रूढीचा अनपेक्षित लाभ झाला. लेखात शके, तिथी, वार आणि ग्रहण एकत्र आले की तारीख गणिताने पडताळता येते. कीलहॉर्न यांच्यासारख्या अभ्यासकांनी अनेक लेखांचा काळ असाच निश्चित केला. ग्रहणाचा उल्लेख गणिताशी जुळला नाही, तर लेख बनावट असल्याची शंका घेता येते. नसलेला ग्रह असा खऱ्या इतिहासाचा साक्षीदार ठरला.

११/
२२ जानेवारी १८९८. निजामाच्या राज्यातील परांड्याला लागून असलेल्या करमाळा तालुक्यात, जेऊर येथे, पुण्याच्या सायन्स कॉलेजातील प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला दुर्बिणी आणि वर्णपटमापक मांडून उभे होते. अमेरिकेच्या लिक वेधशाळेची तुकडीही तिथे आली होती. सुमारे दोन मिनिटे सूर्य पूर्ण झाकला गेला. त्या मिनिटांत सूर्याच्या प्रभामंडळाची छायाचित्रे टिपली गेली.

१२/
गावोगावी मात्र ग्रहणात 'दे दान, सुटे गिराण' ही हाक घुमत राहिली. ती देणारे बहुधा गावकुसाबाहेरचे लोक असत. एरवी ज्यांची सावलीही टाळली जाई, त्यांच्याच झोळीत ग्रहण सुटावे म्हणून धान्य पडे. राजाच्या दानाची शिळा झाली, या झोळीची नोंद कोणी केली नाही. आकाशातली छाया कशी पडते, हे आर्यभटाने पंधराशे वर्षांपूर्वी सांगितले. माणसाच्या सावलीचा विटाळ मानणारे गाव ते ऐकून बदलले नाही. राहूच्या कथेतील खरा अंधार तिथे होता.