ओंजळीतून उभा राहिलेला चित्रपट

चित्रपट म्हटला की धनिक निर्माता, तिकीटविक्री आणि नफातोटा ओघानेच आला, अशी आपली समजूत असते. केरळातील कोझिकोड येथे १९८४ साली स्थापन झालेल्या 'ओडेसा' या चित्रपट मंडळीने या समजुतीलाच धक्का दिला. 'बॅटलशिप पोटेम्किन' या १९२५ च्या रशियन चित्रपटात ओडेसा शहराच्या पायऱ्यांवर घडणारा प्रसंग जगप्रसिद्ध आहे. मंडळीचे नाव त्यावरूनच आले.

मंडळीचे प्रणेते जॉन अब्राहम यांचा जन्म १९३७ साली सिरियन ख्रिस्ती घराण्यात झाला. आयुर्विमा महामंडळातील नोकरी सोडून ते पुण्याच्या फिल्म संस्थेत दाखल झाले. तेथे त्यांना ऋत्विक घटक यांच्यासारखे गुरू लाभले. १९७९ च्या 'चेरियाच्चन्टे क्रूर कृत्यंगळ' या चित्रपटात त्यांनी कुट्टनाडातील एका ख्रिस्ती जमीनदाराचे भयग्रस्त, अपराधी मन उघडे केले. स्वकीयांना आरसा दाखविणारा कलावंत सहसा रुचत नाही. परंतु प्रत्येक मिस्साच्या आरंभी पापांची कबुली देणाऱ्या आम्ही तरी त्या आरशाकडे पाठ फिरवू नये.

'ओडेसा'चे कार्यकर्ते गावोगावी चॅप्लिनचा 'द किड' दाखवीत आणि जमलेल्या लोकांकडून यथाशक्ति वर्गणी घेत. अशा पैशातून १९८६ साली 'अम्मा अरियान', म्हणजे 'आईस कळावे म्हणून', हा चित्रपट सिद्ध झाला. पुरुषन हा तरुण एका अनोळखी युवकाचा मृतदेह पाहतो आणि ते दुःखद वर्तमान त्याच्या आईस सांगण्यासाठी निघतो. वाटेत मृताचे मित्र एकेक करून त्याच्यासोबत येतात. एका मातेचा शोक असा अनेकांचा होतो. तयार चित्रपटही गावोगावी, तिकिटाविना दाखविण्यात आला.

३१ मे १९८७ रोजी कोझिकोड येथे इमारतीवरून पडून जॉन यांचा अंत झाला. तो त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला. मंडळीने पुढे माहितीपट केले खरे, परंतु तो भर पुन्हा आला नाही. एका व्यक्तीच्या प्रतिभेवर विसंबलेल्या सामुदायिक कार्याचे हे दुखणे आमच्या धर्मग्रामांनाही अपरिचित नाही.

तरीही, मंदिराच्या दानपेटीत दोन दमड्या टाकणाऱ्या विधवेचे मोल प्रभूने ओळखले होते. आमच्या नाट्यमंडळांना, नियतकालिकांना देणगीदार लाभतात आणि त्यांची नावे आम्ही आदराने छापतो. ज्यांची नावे छापली जात नाहीत, त्यांनाही ते कार्य आपले वाटते काय, हा प्रश्न 'ओडेसा'चा इतिहास आम्हांस विचारीत राहतो.