नदाची अठ्ठावीस वर्षे

१९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमध्ये कतार प्रथमच उतरला, तोही केवळ पुरुषांना घेऊन. त्याच स्पर्धेत मोरोक्कोच्या नवाल अल मुतवक्किलने ४०० मीटर अडथळा शर्यतीत सुवर्णपदक जिंकले. दोन्ही देश अरब, दोन्ही मुस्लिम. म्हणून मी म्हणतो, कतारच्या मुलींची वाट धर्माने नव्हे, रिवाजाने अडवली होती. ती मोकळी व्हायला २८ वर्षे लागली. २०१२ मध्ये लंडनला कतारच्या चार मुली गेल्या. त्यांतली १७ वर्षांची नदा अरकजी ५० मीटर फ्रीस्टाइल पोहली आणि पहिल्याच फेरीत बाद झाली. पदक मिळाले नाही. पण ‘आमच्यात मुली पोहत नाहीत’ हे वाक्य त्या दिवशी खोटे ठरले. आपल्या घरात कुणी ते उच्चारले, तर नदाचे नाव जरूर सांगा.