गझालीचे मौन

आमच्या संतचरित्रांत एक प्रसंग नाना रूपांनी येतो. विद्येचा ताठा मिरविणारा पंडित वादासाठी येतो आणि अखेर पोथ्या बाजूस सारून संताच्या पायी लोळण घेतो. परंतु पंडित आणि साधक हे दोघे एकाच देहात नांदत असतील, तर कोणी कोणापुढे नमावे? अबू हामिद मुहंमद अल् गझाली याचे चरित्र आम्हांस या प्रश्नासाठी मोलाचे वाटते.

गझालीचा जन्म इ. स. १०५८ च्या सुमारास खोरासानातील तूस येथे झाला. हा भाग आज इराणच्या ईशान्येस मोडतो. बालपणीच पितृछत्र हरपले. मदरशात अन्नाची सोय होते म्हणून त्याला व त्याच्या भावाला तेथे धाडण्यात आले, असे चरित्रकार सांगतात. एक आख्यायिका अशी की, विद्यार्थिदशेत घरी परतत असता वाटमाऱ्यांनी त्याची टिपणे हिरावून घेतली. तो ती परत मागू लागला, तेव्हा त्यांचा म्होरक्या हसून म्हणाला, कागद गेले की जे ज्ञान जाते, ते तुझे कसले? गझालीने पुढील तीन वर्षे ती टिपणे मुखोद्गत करण्यात घालविली. आख्यायिका खरी असो वा नसो, त्या प्रश्नाचे खरे उत्तर अद्याप मिळावयाचे होते. ज्ञान कागदावरून स्मरणात आले, एवढेच.

नैशापुरास जुवैनी या विख्यात आचार्यापाशी त्याचे अध्ययन झाले. सेल्जुक सुलतानाचा वजीर निजाम-उल्-मुल्क याने १०९१ साली त्याला बगदादच्या निजामिया विद्यालयात मुख्य अध्यापक नेमले. तेव्हा त्याचे वय अवघे तेहतीस होते, आणि सुमारे तीनशे विद्यार्थी त्याच्यापुढे बसत. अध्यापनातून उरलेल्या वेळात, गुरूवाचून, त्याने तत्त्वज्ञांचे ग्रंथ आत्मसात केले व पुढे त्यांचे खंडनही लिहिले.

अशा ऐन वैभवात, १०९५ च्या उन्हाळ्यात, वर्गात बसला असता त्याच्या तोंडून शब्द फुटेना. अन्न घशाखाली उतरेना. वैद्यांनी हात टेकले; हा विकार अंतःकरणाचा आहे, असा निर्वाळा त्यांनी दिला. मागाहून लिहिलेल्या आत्मकथनात गझालीने याचे कारण सांगितले आहे. आपण शिकवितो ते ईश्वराप्रीत्यर्थ नव्हे, कीर्ती व मानमरातब यांच्यासाठी, हे त्याला कळून चुकले होते. तरीही पद सोडवत नव्हते. सहा महिने हा झगडा चालला. अखेर मक्केला जातो असे जाहीर करून, मुलाबाळांच्या निर्वाहापुरते ठेवून बाकीचे धन वाटून टाकून, तो सीरियाच्या वाटेस लागला.

काही अभ्यासकांस यात राजकीय भीती दिसते. १०९२ साली निजाम-उल्-मुल्काचा खून झाला होता, सुलतानही त्याच वर्षी निवर्तला होता आणि दरबार अस्थिर होता. ही शंका अवास्तव नव्हे. परंतु केवळ भीतीने पळालेला मनुष्य दमास्कसच्या मशिदीतील मिनारात दिवसचे दिवस दार लावून बसत नाही, आणि पुढे दरबाराची पायरी न चढण्याची शपथही घेत नाही. या विरक्तीच्या काळातच धर्मविद्यांच्या पुनरुज्जीवनावरील त्याचा चाळीस प्रकरणांचा महाग्रंथ सिद्ध झाला.

गझालीने इस्लामी जगातील विज्ञानाचा गळा घोटला, असे विधान अनेकदा केले जाते. आम्हांस ते मान्य नाही. त्याने तत्त्वज्ञांच्या वीस मतांचे खंडन केले व त्यांपैकी तीन धर्मबाह्य ठरविली, हे खरे. त्यातील कठोरपणा झाकण्याचे कारण नाही. परंतु ग्रहणाची गणितसिद्ध कारणे नाकारून धर्माचे रक्षण होत नाही, उलट असा रक्षकच धर्माचे अधिक नुकसान करतो, असेही त्यानेच बजावले आहे. त्याच्यानंतर दीड शतकाने, १२५९ साली, मरागा येथे नामांकित वेधशाळा उभी राहिली. तिचा धुरीण नसीरुद्दीन हा तूस येथलाच होता.

गझालीची कीर्ती आमच्या देशातही पोहोचली होती. अकबराला वाचून दाखविल्या जाणाऱ्या ग्रंथांत त्याच्या ‘किमिया-ए-सआदत’ या फारसी ग्रंथाची नोंद अबुल फझलने केली आहे.

तथापि आम्हांस सर्वांत विचारणीय वाटते ती ११०६ सालची घटना. निजाम-उल्-मुल्काचा पुत्र, वजीर फख्र-उल्-मुल्क याच्या आग्रहावरून गझाली नैशापूरच्या विद्यालयात पुन्हा शिकवू लागला. शपथ मोडली, हा आक्षेप त्याने ओळखला होता. त्याचे उत्तर असे की, हे पूर्वीच्या कामाकडे परतणे नव्हे. पूर्वी ज्या विद्येने प्रतिष्ठा मिळते ती मी शिकवीत होतो, आता जिच्यामुळे प्रतिष्ठेचा मोह सुटतो ती शिकवितो. तेच फळे, तेच ग्रंथ, तसेच विद्यार्थी. पालटला होता तो शिकविणारा. त्याच्यातील साधकाने पंडितास हद्दपार केले नाही, त्याला कामास लावले. अखेरची वर्षे तूस येथे थोड्याशा शिष्यांसमवेत घालवून तो ११११ च्या डिसेंबरात कालवश झाला.

वाटमाऱ्याच्या प्रश्नास त्याने दिलेले उत्तर हेच असावे. आम्ही शिक्षक मंडळी रोज वर्गात बोलतो, आणि आमची वाणी सहसा अडत नाही. ती अडत नाही हे आमच्या निष्ठेचे लक्षण, की केवळ सवयीचे, हे ज्याने त्याने आपल्याशी पडताळून पाहावे.