कॅमेरा हाती घेतलेले दोन शिक्षक



इतिहासाच्या पुस्तकात लढाईची तारीख सापडते, तहाची कलमे सापडतात. परंतु दंगल शमल्यावर ज्यांना त्याच गल्लीत समोरासमोर राहावयाचे असते, ते लोक कसे राहिले, याची नोंद फारसे कोणी ठेवीत नाही. ती ठेवणाऱ्या दोन शिक्षकांचा परिचय येथे करून द्यावयाचा आहे.

प्रा. अंजली मोंतेरो व प्रा. के. पी. जयशंकर हे पती-पत्नी. १९३६ साली मुंबईत स्थापन झालेल्या टाटा समाजविज्ञान संस्थेत त्यांनी दीर्घकाळ अध्यापन केले आणि त्याच काळात माहितीपट काढले. येरवडा कारागृहातील कवी-बंदिवान हा त्यांच्या 'वायसीपी १९९७'चा विषय. 'साचा' (२००१) मध्ये कवी नारायण सुर्वे व चित्रकार सुधीर पटवर्धन यांच्या साथीने गिरणगावाची कथा येते.

डिसेंबर १९९२ व जानेवारी १९९३ मध्ये मुंबईत दंगली उसळल्या. न्यायमूर्ती श्रीकृष्ण आयोगाने मृतांची संख्या ९०० नोंदविली. धारावीही होरपळली. दहा वर्षांनंतर, २००३ साली, या दांपत्याने धारावीवर 'नाता' हा माहितीपट काढला. त्याचे नायक कोण? भाऊ कोरडे व वकार खान हे दोन मित्र. मोहल्ला समित्यांच्या द्वारे त्यांनी शेजाऱ्यांना एकत्र बसविले. सलोख्याच्या प्रचारासाठी चित्रे व चित्रफितींचाही उपयोग केला. माहितीपटाचे कर्ते त्यात स्वतःचीही हकिकत सांगतात. दुसऱ्याला प्रश्न विचारणाऱ्याने आपले उत्तरही द्यावे, ही शिक्षकाची रीत त्यांनी पाळली.

हीच दृष्टी त्यांनी विद्यार्थ्यांना दिली. संस्थेतील विद्यार्थ्यांनी २०१२ मध्ये 'फारूख व्हर्सेस द स्टेट' हा माहितीपट तयार केला. १० जानेवारी १९९३ रोजी वडाळ्याच्या हरी मशिदीतील पोलीस गोळीबारात फारूख मापकर जखमी झाले. उलट त्यांच्यावरच दंगलीचा खटला भरला गेला. २००९ मध्ये ते निर्दोष सुटले. एवढी वर्षे त्यांनी न्यायालयाचीच वाट धरली. दंगलीच्या वेळी जी मुले लहान होती, त्यांनी ही हकिकत ऐकून घेतली, जतन केली.

आपल्या वर्धा जिल्ह्याला ही शिक्षणपद्धती परकी वाटू नये. १९३७ साली वर्ध्याच्या शिक्षण परिषदेनंतर डॉ. झाकीर हुसेन यांच्या समितीने काम करीत शिकण्याची योजना मांडली होती. तेथे चरखा होता, येथे कॅमेरा आहे.

आज कॅमेरा प्रत्येक घरातील मोबाईलमध्ये आहे. अर्ध्या मिनिटाची चित्रफीत गाव पेटवू शकते. म्हणून मित्रांनो, अशी चित्रफीत हाती आली की पुढे पाठविण्यापूर्वी विचारा : ही कोणी काढली? केव्हा, कोठे? यात कोणाचे म्हणणे गाळले आहे? पालकांनीही मुलांसमोर हे प्रश्न विचारावेत. मुले अनुकरणाने शिकतात.

आणि एक काम कराच. घरातील वडीलधाऱ्यांना विचारा, अडचणीच्या वेळी कोणता शेजारी धावून आला होता? त्यांची परवानगी घेऊन ते उत्तर मोबाईलमध्ये नोंदवून ठेवा. आपल्या कारंज्याच्या इतिहासाचे ते पान आहे, आणि ते तुमच्यावाचून दुसरे कोणी लिहिणार नाही.