मोडीत निघालेला इतिहास : पुण्याचा जुना बाजार

दर रविवारी आणि बुधवारी पुण्याच्या मंगळवार पेठेत रस्त्याच्या कडेला गोणपाट आणि प्लॅस्टिकचे कागद अंथरले जातात. त्यांवर पान्हे, नळाच्या तोट्या, बंद पडलेले मोबाइल, लष्करी बूट, पितळी समया, अडकित्ते, चावी नसलेली कुलुपे, कुलूप नसलेल्या चाव्या, ग्रामोफोनच्या तबकड्या आणि मूठभर हिरवट नाणी एकाच पंगतीत बसतात. हाच पुण्याचा जुना बाजार. मुंबईच्या चोर बाजाराला चित्रपटांनी नाव मिळवून दिले, पॅरिसच्या अशाच बाजाराला जुन्या कपड्यांतल्या पिसवांवरून नाव पडले. पुणेकरांनी मात्र जे आहे तेच नाव ठेवले.

जागाही काही साधी नाही. एका बाजूला कुंभारवाडा, पलीकडे कसबा पेठेतली तांबट आळी, म्हणजे शहराचा सर्वांत जुना कारागिरांचा पट्टा. मंगळवार पेठेचे जुने नाव शाहिस्तापुरा. ते ज्या शाहिस्तेखानाशी जोडले जाते, तो १६६३ साली लाल महालातून बोटे गमावून निघाला, हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक असते. त्याच्या नावाच्या पेठेत आज कोणी तुमच्या हातात ‘खास शिवकालीन’ नाणे ठेवू पाहतो, ही इतिहासाची थोडी गंमत म्हणावी लागेल.

परंतु या धाग्याचा विषय बाजाराची गंमत हा नाही. प्रश्न असा आहे की, या वस्तू येथे येतात कशा? ज्या घराने एखादी वस्तू शंभर-दीडशे वर्षे सांभाळली, ते घर ती एका दिवशी भंगारवाल्याच्या हातगाडीवर का ठेवते? याचे उत्तर शोधू लागलो की महाराष्ट्राच्या गेल्या दोन शतकांची एक वेगळीच बखर हाती लागते.

कागदांपासून सुरुवात करू. १७ नोव्हेंबर १८१७ रोजी शनिवारवाड्यावर इंग्रजांचे निशाण चढले. राज्य गेले, तरी इनामे आणि वतने राहिली आणि त्यांच्यावर शेकडो घरांचा संसार चालत होता. पुढे इंग्रज सरकारने इनामांची चौकशी सुरू केली, १८५२ च्या कायद्याने तिला धार आली, आणि ‘पुरावा दाखवा’ हा हुकूम गावोगाव पोहोचला. सनद, निवाडा, महजर, जुने पत्र, जे असेल ते जपणे भाग पडले. घराघरांतल्या माळ्यावर फडक्यात बांधलेले मोडी कागदांचे रुमाल जे टिकले, ते इतिहासप्रेमाने नव्हे; जमीन जाईल या भीतीने टिकले.

ही भीती संपली तेव्हा कागदही संपू लागले. १९५० च्या कायद्याने परगणे व कुलकर्णी वतने गेली, १९५८ साली कनिष्ठ ग्रामवतने गेली, १९६२ साली पाटीलकी गेली. या कायद्यांमागचा सामाजिक न्याय निर्विवाद आहे. महार वतन म्हणजे वंशपरंपरेने लादलेली वेठ होती आणि ते जाणे आवश्यकच होते. पण त्याचा एक अनपेक्षित परिणाम असा झाला की, ज्या कागदावर घराचा हक्क उभा होता तो कागद रातोरात निरुपयोगी ठरला. त्याच सुमारास मोडी लिपीही व्यवहारातून आणि शाळांतून हद्दपार होत होती. म्हणजे कागदाची गरज गेली आणि तो वाचणारेही गेले. नातवाच्या लेखी आजोबांचा रुमाल म्हणजे धूळ आणि झुरळे. त्याने तो रद्दीत घातला, यात नवल ते काय?

इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी हे संकट फार आधी ओळखले होते. पेशवे दफ्तर पुण्यातच होते, पण सरकारच्या कुलपात. खासगी संशोधकांना तेथे सहज प्रवेश नव्हता. मग राजवाडे गावोगाव हिंडले. लोकांच्या माळ्यावरचे, पेव-कोनाड्यांतले कागद त्यांनी मिळवले, आणि १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. तो पानिपताच्या काळातील पत्रांचा होता. ७ जुलै १९१० रोजी पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापन झाले, त्यामागेही वाण्याच्या पुड्यांपर्यंत पोहोचण्याआधी कागद वाचवावेत हीच तळमळ होती. सरकारी दफ्तराचे दार खऱ्या अर्थाने किलकिले झाले ते त्यानंतर बऱ्याच काळाने. रियासतकार गो. स. सरदेसाई यांनी संपादित केलेले पेशवे दफ्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड १९३० ते १९३४ या वर्षांत बाहेर पडले.

मग १२ जुलै १९६१ उजाडला. पानशेतचे धरण फुटले, खडकवासल्याची भिंत गेली आणि मुठेकाठच्या पेठांत पाणी शिरले. तळमजल्यावरच्या पेट्या, फडताळे, चोपड्या यांचे काय झाले असेल याची कल्पनाच केलेली बरी. पुढच्या दशकांत उरलेले वाडे एकेक करून पडले आणि त्यांच्या जागी इमारती आल्या. चार चौकांच्या वाड्यात मावणारा संसार दोन खोल्यांत मावत नाही. घंगाळ, बंब, सागवानी दरवाजा, कोरीव तुळई, शिसवी पेटी या सगळ्यांनी मंगळवार पेठेची वाट धरली.

भांड्यांची कथा याहून निराळी. त्यांना बाजारात नेहमीच दोन भाव असतात : मोडीचा आणि हौसेचा. मोडीचा भाव वजनावर ठरतो. बोहारणीने जुन्या जरीच्या लुगड्यावर स्टीलचे पातेले दिले आणि तांब्याचा हंडा भंगारवाल्याने किलोवर घेतला, की पुढचा मुक्काम भट्टी. (लिपीचे नाव मोडी आणि भंगाराचे नावही मोड, दोहोंच्या नशिबी एकच गोष्ट आली, हा निव्वळ शब्दांचा योगायोग.) जुन्या बाजारातला विक्रेता यांच्या मधोमध उभा असतो. हा तांब्या वितळवला तर किती आणि एखाद्या हौशी गिऱ्हाइकाला दिला तर किती, हे गणित त्याच्या डोक्यात सतत चालू असते. गिऱ्हाईक आले नाही तर भट्टी आहेच. म्हणून या बाजारातल्या घासाघिशीला मी केवळ करमणूक मानत नाही.

हा हौसेचा भाव इतिहासाच्या कामी लावणारा माणूस म्हणजे दिनकर गंगाधर केळकर. घरचा व्यवसाय चष्म्यांचा, कविता ‘अज्ञातवासी’ या नावाने, आणि वेड जुन्या वस्तूंचे. १९२० च्या सुमारास त्यांनी संग्रह सुरू केला. लहानपणीच वारलेल्या राजा या मुलाच्या नावाने त्यांनी संग्रहालय उभे केले, ते पुढे शासनाच्या स्वाधीन केले, आणि आज बाजीराव रस्त्यालगत त्यात वीस हजारांवर वस्तू आहेत. तेथे तलवारी आहेत, कोथरूडहून आणून पुन्हा उभारलेला मस्तानी महाल आहे. पण केळकरांचे खरे द्रष्टेपण अडकित्त्यांत, दिव्यांत, दौतींत, कुलपांत आणि पाय घासायच्या वज्र्यांत आहे. या वस्तूंना त्या काळी कोणी ‘इतिहास’ म्हणत नव्हते. दरबाराची कथा सांगणारे पुष्कळ होते. माजघराची साधने गोळा करणारा माणूस विरळा.

आता हाती आलेली वस्तू वाचायची कशी, याकडे येऊ.

भांडे उचलले की आधी ते उलटे करा, मग काठ पाहा. मराठी घरांत भांड्यावर नाव घालण्याची रीत होती : देणाऱ्याचे नाव, लग्न की मुंज, गाव आणि पुष्कळदा शक. शकात ७८ मिळवले की इसवी सन मिळतो (जानेवारी ते चैत्र या काळासाठी ७९). कोणी, कोणाला, कशासाठी, केव्हा हे सांगणारा पितळी डबा हा लेखी पुरावाच आहे. घासून-पुसून, बफ मारून चकचकीत केलेल्या भांड्यावरची ही अक्षरे पुसट होतात. जुनी कळा ठेवा, चिंचेचा मोह आवरा.

मोडी कागद मिळाला तर मायन्याशेजारचा किंवा अखेरचा शब्दसमूह शोधा. मराठेशाहीतील पत्रांत शुहूर सन येतो आणि तो अरबी संख्यावाचक शब्दांत, एककापासून वर लिहिलेला असतो. ‘तिसा अर्बैन मया व अलफ’ म्हणजे नऊ, चाळीस, शंभर आणि हजार : ११४९. त्यात ५९९ मिळवले की १७४८ (जानेवारी ते मे यांतील कागद असेल तर ६००). यातून एक सोपी चाळणी मिळते. ‘मया’ नसून केवळ ‘अलफ’ असेल तर कागद १६९९ च्या आतला. ‘मया व अलफ’ असेल तर पेशवाईचा बहुतेक सारा काळ त्यात येतो. ‘मयातैन व अलफ’ म्हणजे १७९९ नंतरचा, उत्तर पेशवाईचा किंवा त्याच्याही पुढचा. आणि राणीच्या छापाच्या मुद्रांकावर मोडी मजकूर असेल तर तो बहुधा गहाणखत किंवा कर्जरोखा. विक्रेता त्याला ‘पेशव्यांचे पत्र’ म्हणत असला तरीही. या बाजारात प्रत्येक वस्तू एकतर पेशवेकालीन असते किंवा चालू असते.

नाण्यांबाबत सर्वाधिक सावध राहावे. शिवराईवर एका बाजूस ‘श्री राजा शिव’ आणि दुसऱ्या बाजूस ‘छत्रपति’ अशी अक्षरे असतात. पण शिवछत्रपतींनंतरही ती दीर्घकाळ, अनेक टांकसाळींतून, त्याच अक्षरांनिशी पडत राहिली. म्हणून ‘श्री राजा शिव’ वाचता आले एवढ्यावरून नाणे शिवकालीन ठरत नाही. हाताने ठोकलेल्या नाण्यावर सगळी अक्षरे क्वचितच पूर्ण बसतात. एकाच ढिगात चार शिवरायांवर अक्षर तंतोतंत त्याच जागी तुटलेले दिसले, किंवा पृष्ठभागावर बारीक बुडबुडे दिसले, तर त्या साच्यात ओतलेल्या आहेत.

याहून धोकादायक म्हणजे राम-सीता, हनुमान अशी चित्रे आणि ‘ईस्ट इंडिया कंपनी’ असे नाव असलेली तांब्याची मोठी नाणी. त्यांवर १६१६, १७१७, १८१८ अशी लक्षात राहणारी साले आणि अर्धा आणा असे मूल्य असते. १६१६ मध्ये कंपनी हिंदुस्थानात नाणी पाडतच नव्हती. १८१८ मध्ये मुंबई, मद्रास, बंगाल या इलाख्यांची नाणी वेगवेगळी होती. कंपनीच्या सर्व मुलखासाठी एकसारखी नाणी आली ती १८३५ च्या कायद्याने. ही नाणी कोणत्याही टांकसाळीची नाहीत. हौसेने शंभर रुपयांना घेतली तर फार बिघडत नाही. पण ‘तांदूळ ओढणारे दैवी नाणे’ म्हणून यांच्या नावाने लाखोंची फसवणूक देशभर झाली आहे आणि त्यात शिकलेली माणसेही बुडाली आहेत. चांदीच्या रुपयाला मात्र सरळ कसोटी आहे : व्हिक्टोरिया राणीपासून पंचम जॉर्जपर्यंतचा अस्सल रुपया एक तोळ्याचा, सुमारे ११.६६ ग्रॅमचा. खिशात छोटा काटा ठेवावा.

एक अवघड बाजू उरते. स्वस्तात मिळालेली मूर्ती किंवा देवाचा टाक कोणाच्या तरी देव्हाऱ्यातून, कदाचित देवळातूनही, नाहीसा झालेला असू शकतो. १९७२ च्या पुरावस्तू कायद्यानुसार शंभर वर्षांहून जुनी मूर्ती, नाणे, कोरीव वस्तू ही पुरावस्तू ठरते. ऐतिहासिक मोलाच्या हस्तलिखितांना ही मर्यादा ७५ वर्षांची आहे. तिचा व्यापार करण्यास परवाना लागतो, मूर्ती आणि सचित्र पोथ्यांसारख्या वस्तूंची नोंदणी करावी लागते आणि देशाबाहेर नेता येत नाही. अमेरिकेतल्या मावसभावाला भेट म्हणूनही नाही. जमिनीत सापडलेल्या ठेव्याला तर १८७८ पासूनचा वेगळा कायदा आहे. म्हणून मूर्तींच्या वाटेला न जाता भांडी, साधने, छापील पुस्तके, छायाचित्रे आणि कागद यांकडे वळावे, असे माझे मत.

काहीही घ्या, पण विक्रेत्याला एक प्रश्न जरूर विचारा : ‘दादा, कुठल्या घरातून आलं?’ सकाळच्या भवानीच्या वेळी उत्तर मिळणार नाही. दुपारी उन्हे कलल्यावर, चहा पिताना मिळेल. ‘नारायण पेठेतला वाडा पाडला तिथलं’ एवढे जरी कळले तरी ते तारखेसह चिठ्ठीवर लिहून वस्तूबरोबर ठेवा. गाव-घर तुटलेली वस्तू फक्त देखणी उरते. आणि मोडी कागदांचा गठ्ठा दिसला तर त्यातले सुंदर मोर्तबाचे एकच पान निवडून घेऊ नका. साधला तर सगळा गठ्ठा घ्या, आहे त्या क्रमाने बांधून ठेवा आणि सदाशिव पेठेत भारत इतिहास संशोधक मंडळात नेऊन जाणकारांना दाखवा. मोडी शिकवणारे वर्गही पुण्यात भरतात.

खुद्द बाजाराला आता रहदारी, रुंद होणारे रस्ते आणि नवी बांधकामे यांच्यातून जागा काढावी लागते. २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात पन्नास वर्षांहून जुन्या बाजारांना ‘वारसा बाजार’ म्हणून संरक्षण देण्याची तरतूद आहे. पुढच्या रविवारी जाणार असाल तर सुट्टे पैसे, भिंग आणि वही सोबत असू द्या, आणि सकाळी लवकर पोहोचा. मोडीवाले त्याआधीच येऊन गेलेले असतात.