इटलीतलं फेरारा शहर सायकलवरूनच का बघतात? गाइडसोबतच्या टूरमध्ये काय काय दिसतं?

फेरारी हे नाव जगभर माहीत आहे. फेरारा हे नाव मात्र इटलीबाहेर फारसं कुणी ऐकलेलं नसतं. गंमत म्हणजे दोन्ही एकाच प्रांतातले, उत्तर इटलीतल्या एमिलिया-रोमान्यातले. फेरारी कार मोडेना शहराजवळच्या मारानेल्लो गावात बनते. तिचा फेरारा शहराशी काही संबंध नाही. उलट फेराराची ओळख आहे ती 'सायकलींचं शहर' अशी.

इथे सूट घातलेले वकील, भाजी घेऊन घरी निघालेल्या आजीबाई, कॉलेजची मुलं असे सगळेच सायकलवर दिसतात. शहर बघायला येणाऱ्यांसाठीही गाइडसोबतची सायकल टूर हा सोपा पर्याय आहे. साधारण दोन-तीन तासांत जुन्या शहराचा मोठा भाग बघून होतो.

पण हे शहर सायकलवरूनच का बघायचं? आणि गाइड सोबत घेतल्यानं असं काय जास्त कळतं?

सायकल इथे एवढी का रुजली?

पहिलं कारण भूगोलाचं. फेरारा पो नदीच्या मैदानात वसलंय. जमीन सपाट, समुद्रसपाटीपासून जेमतेम काही मीटर उंच. चढ-उतार नाहीतच, त्यामुळे सायकलची सवय नसलेल्यांनाही दम लागत नाही.

दुसरं कारण शहराच्या आकाराचं. लोकसंख्या सुमारे १ लाख ३० हजार. जुन्या शहराभोवती साधारण ९ किलोमीटरची तटबंदी आजही बऱ्याच अंशी शाबूत आहे. युरोपातल्या अनेक शहरांनी १९ व्या शतकात आपल्या तटबंद्या पाडून तिथे रुंद रस्ते केले. फेराराची तटबंदी बरीचशी वाचली. आज तिच्यावरून आणि तिच्या पायथ्याशी झाडांच्या सावलीत लोक चालतात, धावतात, सायकल चालवतात.

तिसरं कारण रस्त्यांचं. तटबंदीच्या आतल्या मध्यवर्ती भागात मोटारींवर बरेच निर्बंध आहेत. अनेक रस्त्यांवर परवान्याशिवाय कार नेता येत नाही, सायकल मात्र नेता येते.

१९९५ मध्ये युनेस्कोनं फेराराला जागतिक वारसा स्थळांच्या यादीत घेतलं. १९९९ मध्ये त्यात पो नदीच्या त्रिभुज प्रदेशाचीही भर पडली.

सुरुवात किल्ल्यापासून

बहुतेक टूर शहराच्या मधोमध असलेल्या एस्तेन्से किल्ल्याजवळून निघतात. लाल विटांचा, चार बुरुजांचा हा किल्ला. त्याच्या खंदकात आजही पाणी आहे.

फेरारावर तेव्हा एस्ते घराण्याचं राज्य होतं. १३८५ मध्ये करांच्या ओझ्याला वैतागलेल्या लोकांनी बंड केलं. मार्क्विस निकोलो दुसरा यानं आपला कर अधिकारी जमावाच्या हवाली केला आणि जमावानं त्याला ठार मारलं. त्यानंतर निकोलोनं हा किल्ला बांधायला घेतला. म्हणजे किल्ला बांधण्यामागे परक्या शत्रूपेक्षा आपल्याच प्रजेची भीती जास्त होती.

पुढे याच घराण्याच्या दरबारानं कलावंतांना आणि विद्वानांना आश्रय दिला. 'ऑर्लांदो फ्युरिओसो' हे महाकाव्य लिहिणारा लुदोविको अरिओस्तो याच दरबारातला. कोपर्निकसनं १५०३ मध्ये डॉक्टरेट घेतली तीही फेराराच्याच विद्यापीठातून, आणि तीही खगोलशास्त्रात नाही तर चर्चच्या कायद्यात.

वाकड्या गल्ल्या आणि नदी नसलेला किनारा

किल्ल्यापासून दक्षिणेला गेलं की जुनं, मध्ययुगीन शहर सुरू होतं. बाराव्या शतकात बांधायला घेतलेलं कॅथेड्रल, त्याच्या भिंतीला लागून असलेली दुकानांची रांग आणि मग अरुंद, वळणावळणाच्या गल्ल्या.

त्यातली सगळ्यात प्रसिद्ध गल्ली म्हणजे व्हिया देल्ले व्होल्ते. डोक्यावर एकामागून एक कमानी आणि खाली गोल दगडगोट्यांचा रस्ता. इथे सायकल चांगलीच खडखडते. अनेक जण उतरून चालणंच पसंत करतात.

ही गल्ली अशी का, हे गाइडनं सांगितल्याशिवाय लक्षात येत नाही. एकेकाळी पो नदीचा मुख्य प्रवाह इथून जवळून वाहायचा. एका बाजूला नदीकाठची गोदामं, दुसऱ्या बाजूला व्यापाऱ्यांची घरं आणि दोन्ही जोडणारे वरचे मार्ग म्हणजे या कमानी. ११५२ मध्ये फिकारोलो इथे नदीचा बांध फुटला आणि पुढच्या काळात मुख्य प्रवाह उत्तरेकडे सरकला. नदी गेली, तिच्या काठची गल्ली राहिली.

१४९२: एका शहराचं दुप्पट शहर झालं

किल्ल्याच्या उत्तरेला गेलं की चित्रच बदलतं. रस्ते सरळ, रुंद, दूरपर्यंत दिसणारे. सायकलचा खडखडाट संपतो असं नाही, पण वळणं संपतात.

१४८२ ते १४८४ या काळात फेराराचं व्हेनिसशी युद्ध झालं. शत्रू थेट शहराच्या उत्तरेला येऊन ठेपला होता. त्यानंतर ड्यूक एर्कोले पहिला यानं १४९२ मध्ये उत्तरेकडचा मोठा मोकळा भाग नव्या तटबंदीच्या आत घ्यायचं ठरवलं. बिआजो रोसेत्ती या वास्तुविशारदाकडे काम आलं. शहराचं क्षेत्र दुपटीहून जास्त झालं.

रोसेत्तीनं नवे सरळ रस्ते जुन्या शहराच्या रस्त्यांना जोडले, मध्ये बागांसाठी आणि मोकळ्या मैदानांसाठी जागा सोडली. म्हणूनच इतिहासकार याकोब बुर्कहार्ट यांनी फेराराला युरोपातलं पहिलं आधुनिक शहर मानलं.

या भागातला मुख्य रस्ता कोर्सो एर्कोले प्रिमो देस्ते किल्ल्यापासून उत्तरेच्या तटबंदीपर्यंत सरळ जातो. वाटेत पालाझ्झो देई दियामांती, म्हणजे 'हिऱ्यांचा महाल' लागतो. त्याच्या दर्शनी भिंतींवर पैलू पाडलेल्या हिऱ्यासारखे टोकदार असे सुमारे ८,५०० संगमरवरी दगड आहेत. सायकलवरून हळू जाताना त्यांच्यावरची सावली सरकताना दिसते.

रस्त्याच्या शेवटी पोर्ता देल्यी आंजेली हा दरवाजा आहे. एस्ते घराण्याला कायदेशीर वारस उरला नाही असं म्हणत पोपनं १५९८ मध्ये फेरारा ताब्यात घेतलं. तेव्हा ड्यूक चेझारे याच दरवाज्यातून शहर सोडून गेला, असं परंपरेनं सांगितलं जातं. राजधानी मोडेनाला हलली आणि फेराराचे चांगले दिवस संपले.

ज्या रस्त्याला दरवाजे होते

कॅथेड्रलजवळची व्हिया माझ्झिनी ही आज दुकानांनी गजबजलेली गल्ली आहे. सुट्ट्यांच्या दिवसांत खरेदीची गर्दी असते. इथे मुद्दाम बघण्यासारखं काही नाही असं वाटून पर्यटक पुढे निघून जाऊ शकतात. गाइड मात्र इथे थांबतो.

ज्या १४९२ साली फेराराचा विस्तार सुरू झाला, त्याच साली स्पेननं ज्यूंना देशाबाहेर काढलं. ड्यूक एर्कोलेनं त्यांतल्या काही कुटुंबांना फेरारात आश्रय दिला. पुढची शंभर वर्षं हे शहर ज्यूंसाठी युरोपातल्या सुरक्षित जागांपैकी एक होतं.

पोपची सत्ता आल्यावर हे बदललं. १६२७ मध्ये व्हिया माझ्झिनी आणि आजूबाजूच्या गल्ल्यांचा घेटो झाला. ज्यूंनी याच भागात राहायचं, असा नियम आला. गल्ल्यांच्या तोंडाशी दरवाजे बसले आणि ते रात्री बंद व्हायचे. मधल्या फ्रेंच राजवटीचा काळ सोडला, तर १८५९ मध्ये पोपची सत्ता जाईपर्यंत कमी-जास्त प्रमाणात हे निर्बंध राहिले.

त्यानंतर ज्यू शहराच्या जीवनात मिसळून गेले. पण १९३८ मध्ये मुसोलिनीच्या सरकारनं वंशभेदाचे कायदे आणले. ज्यू मुलांना सरकारी शाळांतून काढलं. मग इथल्याच व्हिया विन्यातालियाता या गल्लीत ज्यू मुलांसाठी शाळा भरायची. तिथे शिकवणाऱ्यांमध्ये एक तरुण होता, जोर्जो बास्सानी.

न सापडणारी बाग

बास्सानी पुढे इटलीचे मोठे लेखक झाले. 'फिंझी-कोंतिनींची बाग' ही त्यांची कादंबरी १९६२ मध्ये आली. १९७० मध्ये व्हित्तोरिओ दे सिका यांनी तिच्यावर चित्रपट केला, त्याला ऑस्कर मिळालं.

कादंबरीत टेनिस क्लबनं दारं बंद केलेली ज्यू तरुण मंडळी सायकली घेऊन एका श्रीमंत ज्यू कुटुंबाच्या बागेत खेळायला जातात. बाहेर एकेक जागा त्यांच्यासाठी बंद होत असते, ती बाग मात्र उघडी असते.

ही बाग आहे तरी कुठे, असं अनेक वाचक फेरारात येऊन विचारतात. कादंबरीत ती कोर्सो एर्कोले प्रिमो देस्ते या रस्त्यावर आहे. प्रत्यक्षात अशी बाग नाही, ती लेखकाच्या कल्पनेतली आहे. त्या रस्त्यावरून सायकल चालवताना दिसतात त्या फक्त उंच भिंती आणि त्यांच्यावरून डोकावणारी झाडं.

खरी आहे ती लेखकाची कबर. तटबंदीला लागून असलेल्या ज्यू दफनभूमीत २००० साली बास्सानींना पुरण्यात आलं. आणि खरा आहे तो व्हिया पियांजिपाने रस्त्यावरचा जुना तुरुंग. फॅसिस्टविरोधी कामासाठी १९४३ मध्ये बास्सानींना इथेच डांबलं होतं. आज त्याच इमारतीत इटलीतल्या ज्यूंच्या इतिहासाचं आणि ज्यू नरसंहाराचं राष्ट्रीय संग्रहालय आहे.

पुन्हा किल्ल्याशी

टूर संपताना सायकली परत किल्ल्याजवळ येतात. खंदकाच्या कडेला एक बुटकी भिंत आहे. समोर कॅफे, आजूबाजूला सायकलींची वर्दळ. भिंतीवर छोट्या स्मृतिफलकांवर काही नावं आहेत.

१५ नोव्हेंबर १९४३ च्या पहाटे फॅसिस्टांनी फेराराच्या ११ नागरिकांना ठार केलं. आपल्या एका स्थानिक नेत्याच्या हत्येचा सूड म्हणून. मारल्या गेलेल्यांत वकील होते, ज्यू होते, राजकीय विरोधक होते. बहुतेकांना याच भिंतीशी गोळ्या घातल्या आणि मृतदेह काही तास रस्त्यावर तसेच पडू दिले. या घटनेवर बास्सानींनी कथा लिहिली. रस्त्याचं नाव आज 'स्वातंत्र्याच्या हुतात्म्यांचा रस्ता' असं आहे.

नकाशा हातात घेऊन एकट्यानं फिरलं तरी किल्ला दिसतो, हिऱ्यांचा महालही दिसतो. ही बुटकी भिंत आणि घेटोच्या नसलेल्या दरवाज्यांची जागा बहुतेकांच्या नजरेतून सुटते. गाइडचे पैसे वसूल होतात ते इथे.

जायचं असेल तर लक्षात ठेवा

कसं पोहोचायचं: बोलोन्याहून ट्रेननं साधारण अर्धा तास लागतो. व्हेनिस-बोलोन्या रेल्वेमार्गावरच फेरारा आहे, त्यामुळे वाटेत एक दिवस थांबता येतं.

कधी जायचं: वसंत आणि शरद ऋतू उत्तम. उन्हाळ्यात दमट उकाडा आणि डास, तर हिवाळ्यात पो खोऱ्यातलं दाट धुकं असतं. मे महिन्यात गेलात तर पालिओ या पारंपरिक शर्यतींचा उत्सव बघता येईल.

गाइड कसा निवडायचा: इटलीत पर्यटकांना ऐतिहासिक स्थळांची माहिती देण्यासाठी गाइडकडे परवाना असावा लागतो. नुसती सायकल भाड्यानं देऊन वाट दाखवणारा माणूस आणि परवानाधारक गाइड यांत फरक आहे, तो आधीच विचारून घ्या. किल्ला आणि संग्रहालयांचं तिकीट टूरच्या पैशांत धरलंय का, हेही विचारा. अनेक टूर इमारती बाहेरूनच दाखवतात.

सायकल चालवताना: इटलीत वाहतूक रस्त्याच्या उजव्या बाजूनं चालते. भारतातून गेलेल्यांचा गोंधळ वळताना होतो. मोठ्या माणसांना हेल्मेटची सक्ती नाही, पण अंधारात दिवा हवाच. फुटपाथवर सायकल चालवू नका. दगडगोट्यांवर पाऊस पडला की चाक घसरतं, तिथे वेग कमी ठेवा.

खाणं: इथला पीळदार, चार शिंगांचा पाव 'कोप्पिया' प्रसिद्ध आहे. शाकाहारी लोकांनी लक्षात ठेवायला हवं की पारंपरिक कोप्पियात डुकराची चरबी घालतात. लाल भोपळ्याचं सारण भरलेला पास्ता 'काप्पेलाच्ची' मिळतो. तो मांसाच्या रश्शासोबतही देतात, म्हणून मागवताना लोणी आणि सेज या पाल्यासोबतचा मागवा.

हातात आणखी एक दिवस असेल तर शहराबाहेर पो नदीच्या बंधाऱ्यावरून समुद्राकडे जाणारा लांबलचक सायकल मार्ग आहे. जी नदी व्हिया देल्ले व्होल्तेपासून दूर निघून गेली, ती तिथे भेटते.