कढईतील पाचवी चव

चीनच्या दक्षिण आणि पूर्व किनाऱ्यावरील घरांत एक साधा पदार्थ वरचेवर होतो. कोळंबी, माकुलाचे तुकडे, भिजवलेली वाळकी शिताके अळंबी, थोडे आले-लसूण आणि कांद्याची पात एवढेच जिन्नस लागतात. खोलगट लोखंडी कढई धूर येईपर्यंत तापवायची, तेल सोडायचे, सारे दोनचार मिनिटांत मोठ्या आचेवर परतायचे आणि शेवटी सोया सॉस कडेने फिरवून उतरवायचे.

या पदार्थात एक कोडे दडलेले आहे. कोळंबी एकटी परतली तर चव सौम्य लागते, अळंबी एकटी परतली तरी तसेच. दोन्ही एकत्र आल्या आणि त्यात सोया सॉस पडला की जी चव येते, ती तिघांच्या बेरजेपेक्षा बरीच जास्त असते. स्वयंपाक करणाऱ्यांना ही गोष्ट अनुभवाने ठाऊक होती. तिचे कारण पुरते कळायला मात्र रसायनशास्त्र आणि शरीरशास्त्र यांना 1908 पासून 2008 पर्यंतचा काळ लागला. आणि याच काळात जगभरच्या पाठ्यपुस्तकांनी चवीविषयी दोन चुकीच्या गोष्टी मुलांना शिकवल्या. त्या कोणत्या आणि कशा, हे आपण येथे पाहू.

कढईची करामत

परतण्याची रीत जुनी आहे. सहाव्या शतकात ज्या सिश्ये याने लिहिलेल्या 'छीमिन याओशू' या शेतीविषयक चिनी ग्रंथात परतून करायच्या पदार्थांच्या कृती आढळतात. सोयाबीन आंबवण्याची कला त्याहूनही जुनी. मावांगद्वी येथे 1972 मध्ये उघडलेल्या, इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील थडग्यात आंबवलेले सोयाबीन सापडले. अळंबीची लागवडही नवी नाही. वांग चन याच्या 1313 सालच्या शेतीविषयक ग्रंथात ओंडक्यांवर अळंबी वाढवण्याचे वर्णन आहे.

या पद्धतीतील विज्ञान सोपे आहे. जिन्नस बारीक चिरले की उष्णता आतपर्यंत लवकर पोचते आणि सरपण वाचते. कढई पुरेशी तापलेली असेल तर पृष्ठभागावरचे पाणी क्षणात उडते आणि तेथील तापमान 100 अंशांच्या वर जाते. मग प्रथिने आणि शर्करा यांच्यात अभिक्रिया होऊन खमंग वास येतो. एकदम खूप जिन्नस टाकले की कढई थंड पडते, पाणी सुटते आणि कोळंबी परतली न जाता उकडली जाते. कोळंबी जास्त वेळ ठेवली तर तिच्या स्नायूंतील प्रथिने आकसून पाणी बाहेर पिळून काढतात आणि ती चिवट होते. म्हणून कोळंबी आणि माकुल आधी परतून बाजूला काढतात, अळंबीतील पाणी आटू देतात आणि शेवटी सारे एकत्र करतात.

येथपर्यंत खमंगपणाचा उलगडा झाला. चवीचे कोडे मात्र शिल्लक राहिले.

कोंबूचे पाणी

ते सोडवायची सुरुवात जपानमध्ये झाली. तोक्यो विद्यापीठातील रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा (1864-1936) यांनी जर्मनीतील लाइपझिग येथे विल्हेल्म ओस्टवाल्ड यांच्या प्रयोगशाळेत काम केले होते. जपानी घरांत 'कोंबू' नावाच्या समुद्रशैवालाच्या पाण्यावर सार करतात. या पाण्याची चव गोड, आंबट, खारट, कडू यांपैकी कशातच बसत नाही, असे इकेदा यांच्या लक्षात आले. टोमॅटो, चीज, मांस यांच्यातही तीच चव अंधूकपणे जाणवते, असे त्यांचे निरीक्षण होते.

1908 मध्ये त्यांनी कोंबूतून त्या चवीचा पदार्थ वेगळा केला. तो निघाला ग्लुटामिक आम्ल. हे आम्ल नवे नव्हते. कार्ल रिटहाउझेन या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने 1866 मध्येच ते गव्हाच्या प्रथिनातून मिळवले होते. पण त्याच्या क्षारांना एक स्वतंत्र चव आहे, हे इकेदांनी ओळखले. 'उमाई' म्हणजे रुचकर. त्यावरून त्यांनी या चवीला 'उमामी' असे नाव दिले. पुढच्याच वर्षी, 1909 मध्ये, ग्लुटामेटचा सोडियम क्षार बाजारात आला. त्याचे व्यापारी नाव होते 'अजिनोमोटो', म्हणजे 'चवीचे सार'. चिनी पदार्थ करणारी आपल्याकडील मंडळी आज त्याला याच नावाने ओळखतात.

येथे एक मुद्दा विद्यार्थ्यांना अवश्य सांगावा. ग्लुटामिक आम्ल बहुतेक सर्व प्रथिनांत असते, मग डाळ किंवा मांस तोंडात टाकताच ही चव का येत नाही? कारण प्रथिनाच्या साखळीत अडकलेल्या ग्लुटामिक आम्लाला ही चव नसते. ते मोकळे झाले तरच जिभेला कळते. टोमॅटो पिकताना, चीज मुरताना, सोयाबीन बुरशीने आंबवताना हे आम्ल मोकळे होते. सोया सॉसचे काम येथे कळते.

माशातला साथी, अळंबीतला साथी

इकेदांचे शिष्य शिंतारो कोदामा यांनी 1913 मध्ये 'कात्सुओबुशी'चा अभ्यास केला. हा ट्यूनाच्या कुळातील मासा; तो उकडून, धुरी देऊन लाकडासारखा टणक होईपर्यंत वाळवतात. त्यातील रुचकर पदार्थ म्हणजे इनोसिनेट, असे कोदामांना आढळले. त्यानंतर 1957 मध्ये सोया सॉस बनवणाऱ्या यामासा कंपनीतील संशोधक अकिरा कुनिनाका यांनी ग्वानिलेट या तिसऱ्या पदार्थाची चव ओळखली. वाळलेल्या शिताके अळंबीत मिळणारा तो हाच.

कुनिनाकांचा खरा शोध याहून मोठा होता. ग्लुटामेटमध्ये इनोसिनेट किंवा ग्वानिलेट थोडेसे मिसळले, तर चवीची बेरीज होत नाही, ती अनेक पटींनी वाढते. शिझुको यामागुची यांनी 1967 मध्ये याचे मोजमाप प्रसिद्ध केले. दोन्ही पदार्थ समप्रमाणात घेतले तर चवीची तीव्रता सात-आठ पटींपर्यंत जाते.

आता आपल्या कढईकडे पाहू. प्राण्यांच्या स्नायूंत ऊर्जा पुरवणारे एटीपी असते. प्राणी मेल्यावर ते पायरीपायरीने मोडत जाते. माशांमध्ये ही मोडतोड काही काळ इनोसिनेटच्या पायरीवर रेंगाळते. कोळंबी आणि माकुल यांच्यात ती मुख्यतः त्याआधीच्या, अॅडेनिलेटच्या पायरीवर थांबते. अॅडेनिलेट हाही ग्लुटामेटचा साथीदार आहे, मात्र इनोसिनेटपेक्षा दुबळा. शिवाय कोळंबीत ग्लायसीन भरपूर असते, तिची गोडसर चव त्यामुळे येते. मासळी शिळी झाली की मोडतोड पुढे जाऊन हायपोझँथिन बनते, ते कडवट लागते. मासळी ताजी घ्या असे सांगण्यामागे हेही एक कारण आहे.

अळंबीची गोष्ट वेगळी. ताज्या अळंबीत ग्वानिलेट फारसे नसते. वाळवताना पेशी फुटतात, आणि भिजवून गरम करताना त्यांतील विकरे आरएनएचे तुकडे करून ग्वानिलेट तयार करतात. म्हणून वाळकी शिताके थंड पाण्यात काही तास भिजवून मग शिजवावी आणि भिजवलेले पाणी टाकून न देता कढईत घालावे. सोया सॉसमधले ग्लुटामेट, कोळंबीतले अॅडेनिलेट आणि शिताकेतले ग्वानिलेट असे तिघे साथी कढईत भेटतात. कोड्याचे उत्तर ते हे.

पाठ्यपुस्तकातील चार चवी

इकेदांचा निबंध 1909 मध्ये जपानी भाषेत छापला गेला. त्याचे पूर्ण इंग्रजी भाषांतर 2002 मध्ये प्रसिद्ध झाले. दरम्यान युरोप-अमेरिकेतील शास्त्रज्ञ चारच मूळ चवी मानत राहिले. उमामी ही स्वतंत्र चव नसून ती फक्त इतर चवी खुलवते, असे त्यांतील बहुतेकांना वाटे. आपल्याकडील आयुर्वेदाने तर सहा रस सांगितले आहेत: मधुर, अम्ल, लवण, कटु, तिक्त आणि कषाय. (येथे कटु म्हणजे तिखट आणि तिक्त म्हणजे कडू, हे ध्यानात ठेवावे.) आजचे शरीरशास्त्र तिखटपणाला चव मानत नाही, मिरचीतील पदार्थ उष्णतेची आणि वेदनेची जाणीव देणाऱ्या चेतातंतूंना चेतवतो. तेव्हा मूळ चवी किती, हा प्रश्न नुसता मोजणीचा नाही, व्याख्येचाही आहे.

चार चवींबरोबर एक नकाशाही आला. जिभेच्या टोकाला गोड, कडांना खारट-आंबट, मागे कडू. मूळ प्रयोग डेव्हिड हेनिग यांचा, 1901 सालचा. जिभेच्या निरनिराळ्या भागांची संवेदनक्षमता थोडीथोडी वेगळी असते, एवढेच त्यांना आढळले होते. एडविन बोरिंग यांच्या 1942 सालच्या पुस्तकात ही माहिती आलेखाने दाखवली गेली. त्यावरून हे फरक किती छोटे आहेत ते कळत नव्हते. वाचणाऱ्यांनी 'थोडी जास्त'चे 'फक्त येथेच' केले. 1974 मध्ये व्हर्जिनिया कॉलिंग्ज यांनी पुन्हा तपासून फरक क्षुल्लक असल्याचे दाखवले, तरी नकाशा पुस्तकांतून सहजासहजी गेला नाही. मिठाचा एक खडा जिभेच्या टोकावर ठेवून कोणाही विद्यार्थ्याला तो खोटा ठरवता आला असता.

एक पत्र आणि त्याची सावली

1968 मध्ये अमेरिकेतील एका वैद्यकीय नियतकालिकात रॉबर्ट हो मान क्वोक या डॉक्टरांचे पत्र आले. चिनी उपाहारगृहात जेवल्यावर आपली मान बधिर होते, छातीत धडधडते, असे त्यांनी लिहिले. सोया सॉस, स्वयंपाकातील मद्य, जास्त मीठ, ग्लुटामेट अशा अनेक शक्यता त्यांनी मांडल्या होत्या. पत्र 'चायनीज रेस्टॉरंट सिंड्रोम' या मथळ्याखाली छापले गेले आणि लोकांच्या मनात एकच संशयित उरला. पुढे काय खातो हे न कळू देता केलेल्या चाचण्यांत जेवणातील ग्लुटामेटचा असा परिणाम सातत्याने दिसला नाही. अमेरिकी शासनासाठी 1995 मध्ये झालेल्या परीक्षणाने ते सुरक्षित मानले; अन्नाशिवाय एकदम 3 ग्रॅम किंवा अधिक घेतले तर काही व्यक्तींना थोडा वेळ त्रास होऊ शकतो, एवढे त्यात नोंदवले आहे. टोमॅटोतले ग्लुटामेट आणि पुडीतले ग्लुटामेट यांत शरीर फरक करत नाही. आईच्या दुधातही मोकळे ग्लुटामेट भरपूर असते.

याचा अर्थ चमच्याने अजिनोमोटो घालावे असा नाही. त्यात सोडियम असतेच, आणि निकृष्ट जिन्नस खपवण्यासाठीही त्याचा वापर होतो. पण हाच क्षार पाकीटबंद सुपात आणि वेफर्समध्ये असताना नाव मात्र एका समाजाच्या स्वयंपाकाचे खराब झाले, हे आपण विसरू नये.

जिभेवरील पुरावा

वाद अखेर जिभेच्या पेशींनी मिटवला. 2000 ते 2002 या काळात उमामीचे ग्राहक रेणू सापडले. 2008 मध्ये त्यांतील प्रमुख ग्राहकाची रीत कळली. त्याचा एक भाग शिंपल्यासारखा उघडतो आणि मिटतो. ग्लुटामेट बिजागरीजवळ बसले की शिंपला मिटतो. इनोसिनेट किंवा ग्वानिलेट तोंडाशी बसून तो मिटलेलाच धरून ठेवते. संदेश म्हणूनच जोराचा जातो. कढईतल्या साथीदारांचे नाते ते हेच.

वर्गात करून पाहण्यासाठी

मासळी न खाणाऱ्यांनाही हा प्रयोग करता येईल. वाळक्या शिताकेचे गाळून उकळलेले पाणी, पिकलेल्या टोमॅटोचा गाळून उकळलेला रस आणि दोन्हींचे समभाग मिश्रण अशा तीन वाट्या घ्याव्यात. तिन्हींत मीठ सारखेच असावे. अळंबी किंवा टोमॅटो ज्यांना सोसत नाही त्यांना वगळावे. डोळे बांधून, क्रम बदलून प्रत्येकाला चमचाभर चाखायला द्यावे आणि कोणती चव जास्त वेळ रेंगाळते ते लिहून घ्यावे. निकाल काय यायला हवा, हे आधी सांगू नये. मुलांनी नोंदी फळ्यावर मांडल्यानंतरच इकेदांची गोष्ट सांगावी.